नाशिकच्या पोरींनी बारावीनंतर हॅण्डबॉल का सोडायचा?

रोमानियाची क्रिस्टिना न्यागू २०२५ मध्ये रिटायर झाली, वय ३६, आणि मला तरी आपल्याकडच्या एकाही पेपरात तिच्यावर चार ओळी दिसल्या नाहीत. चार वेळा जगातली सर्वोत्तम महिला हॅण्डबॉल खेळाडू ठरलेली बाई आहे ही. २०१०, २०१५, २०१६ आणि २०१८. तिच्याआधी चार वेळा हा मान कोणालाच मिळाला नव्हता.

त्या वर्षांकडे जरा नीट बघा. पहिला मान बाविसाव्या वर्षी आणि मग पाच वर्षांचं अंतर. त्या मधल्या वर्षांत तिचा खांदा गेला, गुडघा गेला, ज्या क्लबकडून खेळत होती तो ओल्टचिम क्लब पैशाअभावी बसला, मग ती मॉन्टेनेग्रोला बुदुच्नोस्त क्लबकडे गेली आणि तिथे २०१५ ला चॅम्पियन्स लीग जिंकली. २०१८ च्या डिसेंबरमध्ये युरो स्पर्धेत परत गुडघ्याचा लिगामेंट तुटला, तेव्हा ती तिशीची होती, तरी परत उभी राहिली आणि पुढे सहा वर्षं खेळली. मी हे सगळं एवढ्यासाठी सांगतेय की माझ्यासमोर रोज संध्याकाळी ज्या मुली ग्राउंडवर येतात त्यांच्यातल्या बहुतेक जणींचा खेळ अठराव्या वर्षी संपतो. दुखापत नाही, काही नाही. बारावी झाली म्हणून.

मी नाशिकमध्ये मुलींना हॅण्डबॉल शिकवते. आधी स्वतः खेळले, कॉलेजकडून, युनिव्हर्सिटीकडून, विंगला म्हणजे कोर्टाच्या कडेच्या जागेवर. त्यामुळे पालक काय बोलतात ते मला पाठ आहे, कारण तेच माझ्या घरीही बोललं गेलं होतं. "मॅडम, स्टेटचं सर्टिफिकेट मिळालं ना, मग आता बास." ग्रेस मार्क मिळाले, पुढे कधी पोलीस भरतीत नाहीतर सरकारी नोकरीत खेळाडूंच्या ५ टक्के आरक्षणात उपयोग होईल म्हणून फाईलला कागद लागला, काम झालं. मी या पालकांना वाईट म्हणत नाही. सातपूरला शिफ्टमध्ये काम करणारा बाप, घरी शिवणकाम करणारी आई, त्यांनी पोरीला पाच-सहा वर्षं संध्याकाळी ग्राउंडवर सोडलं, बूट घेऊन दिले, स्पर्धेला धुळ्याला जळगावला रात्रीच्या गाडीने पाठवलं, हेच किती मोठं आहे. त्यांच्यापुढे दुसरा रस्ताच कोणी ठेवलेला नाही तर ते तरी काय निवडणार.

माझं म्हणणं एवढंच आहे की रस्ता आहे, जगात तरी आहे, आणि तो नाशिकसारख्या शहरातून निघू शकतो. नाशिकच का म्हणतेय ते पुढे सांगते.

ज्यांनी हा खेळ कधी बघितला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. ४० बाय २० मीटरचं कोर्ट, एका बाजूला सात जणी, त्यातली एक गोलकीपर, तीस तीस मिनिटांचे दोन हाफ. गोलपुढे सहा मीटरची डी, त्यात फक्त गोलकीपर पाय ठेवू शकते, पण हवेत उडी घेऊन आत जायचं आणि जमिनीला पाय लागायच्या आधी बॉल सोडायचा, हे चालतं. हॅण्डबॉलची सगळी मजा त्या उडीत आहे. आणि सगळा धोकाही तिथेच. समोरची डिफेन्डर छातीने अडवते, खांद्याला धरते, तुम्ही एका पायावर वाकड्या उतरता, गुडघा आत वळतो आणि संपलं. एसीएलची, म्हणजे गुडघ्याच्या आतल्या लिगामेंटची दुखापत पुरुष खेळाडूंपेक्षा बायकांना जास्त होते हे जगभर दिसलेलं आहे. पण नॉर्वेवाल्यांनी "नशीब" म्हणून सोडून दिलं नाही, त्यांनी हॅण्डबॉल खेळणाऱ्या बायकांवरच अभ्यास केला, वॉर्मअपमध्ये बॅलन्सचे, उडी घेऊन नीट उतरण्याचे, मांडीच्या मागच्या स्नायूचे व्यायाम बसवले, आणि ज्या टीमनी ते नेमाने केले तिथे दुखापती कमी झाल्या. या व्यायामाला मशिन लागत नाही, पैसा लागत नाही, पंधरा-वीस मिनिटं लागतात. आम्ही करतो. पण आम्ही करतो ते मुरमाच्या ग्राउंडवर, टाच झिजलेल्या बुटांनी, आणि पावसाळ्यात जिथे छप्पर मिळेल तिथे शहाबादी फरशीवर. इनडोअर हॉल मिळाला तर त्यात बॅडमिंटनच्या बॅच लागलेल्या असतात. फरशीवर उडी मारून उतरणाऱ्या चौदा वर्षाच्या पोरीचा गुडघा बघताना माझा जीव वर येतो, खरंच सांगते.

बॉलचंही तेच. बायकांचा बॉल दोन नंबरचा, घेर ५४ ते ५६ सेंटीमीटर, वजन ३२५ ते ३७५ ग्रॅम. पुरुषांचा तीन नंबरचा, तो मोठा आणि ४२५ ते ४७५ ग्रॅमचा, म्हणजे चांगलाच जड. किती शाळांत मी बघितलंय की कपाटात मुलांसाठी आणलेला तीन नंबर पडलाय आणि तोच मुलींना देतात. बारा-तेरा वर्षाच्या मुलीच्या पंजात तो मावत नाही, मग ती दोन्ही हातांनी पकडून ढकलते, मनगटाचा फटका कधी बसतच नाही, आणि मग सगळे म्हणतात मुलींच्या हातात ताकद नाही. अहो तिला त्याहून छोटा, एक नंबरचा द्या आधी, मग बघा.

आता नाशिकच का ते.

हंगेरीत ग्योर नावाचं शहर आहे. लोकवस्ती सव्वा लाखाच्या आसपास, म्हणजे आपल्या मालेगावच्या निम्मंसुद्धा नाही. या शहरातला महिला हॅण्डबॉलचा क्लब सात वेळा युरोपची चॅम्पियन्स लीग जिंकलाय. २०१३, १४, १७, १८, १९, २४ आणि २५. हे शहर गाड्यांच्या इंजिनांच्या कारखान्यासाठी प्रसिद्ध आहे, ऑडीचा मोठा प्लान्ट तिथे आहे आणि क्लबच्या नावातच ऑडी आहे. चॅम्पियन्स लीगची फायनल बुडापेस्टला होते, हॉलमध्ये वीस हजारांच्या आसपास माणसं बसतात, बायकांची मॅच बघायला, तिकीट काढून. त्याच ग्योरच्या क्लबात अनिता गोर्बिट्स आख्खं करिअर खेळली. मधे तिला मुलगा झाला, त्यानंतर परत आली, आणि परत येऊन तीन वेळा चॅम्पियन्स लीग जिंकली. आमच्याकडे लग्न ठरलं की मुलगी किट परत द्यायला येते.

आता सांगा, नाशिकला काय कमी आहे? २०११ च्या जनगणनेतच आपण पंधरा लाखांच्या जवळ होतो. गाड्या इथे बनतात, गाड्यांचे सुटे भाग इथे बनतात, सातपूर अंबडला शेकडो कारखाने आहेत. पळणाऱ्या मुली आहेत, त्या तर आहेतच, त्र्यंबकच्या पलीकडच्या सावरपाड्याची कविता राऊत २०१० च्या कॉमनवेल्थमध्ये १०,००० मीटरला ब्राँझ घेऊन आली तेव्हा आख्ख्या जिल्ह्याने बघितलं की या डोंगरातल्या मुलींच्या फुफ्फुसात काय आहे. पेठ सुरगाण्याकडून हॉस्टेलला आलेल्या मुली माझ्याकडे येतात, पहिल्या आठवड्यात त्यांना नियम माहीत नसतात पण फास्ट ब्रेकला, म्हणजे बॉल मिळाल्याबरोबर समोरच्या गोलकडे पळत सुटायचं तेव्हा, त्यांच्या मागे कोणी लागू शकत नाही. खो-खो खेळलेली असेल तर पायांची फिरकी आधीच तयार असते. एखादी कंपनी दहा-बारा मुलींना वर्षभर स्टायपेंड, बूट, फिजिओ आणि हॉलचं भाडं देऊ शकत नाही का? गणपतीच्या एका मंडपाच्या स्पॉन्सरशिपएवढ्यात सुरुवात होते हो, मी हिशोब मांडून बसलेली आहे.

कोणी म्हणेल की भारतात हॅण्डबॉलला काय भविष्य. २०२२ च्या मार्चमध्ये कझाकस्तानात अल्माटीला आपल्या ज्युनियर मुलींनी आशियाई स्पर्धा जिंकली. थायलंडला ४१-१८ ने हरवलं. त्या टीममध्ये हिमाचलच्या मोरसिंघी गावच्या हॅण्डबॉल नर्सरीतल्या, म्हणजे प्रशिक्षण केंद्रातल्या मुली होत्या, बिलासपूर जिल्ह्यातलं छोटं गाव, स्नेहलता नावाच्या कोचने नवऱ्याबरोबर तिथे मुलींना राहायला, जेवायला ठेवून घेऊन खेळाडू घडवले. एका गावात हे झालं. आणि पुढच्याच वर्षी, २०२३ च्या जूनमध्ये जयपूरला प्रीमियर हॅण्डबॉल लीग सुरू झाली, आपल्या महाराष्ट्र आयर्नमेनने ती जिंकली, मला आनंदच झाला, आमच्या मुलींनी मोबाईलवर बघितली आणि ओरडल्या पण. पण ती लीग पुरुषांची होती. आशिया जिंकून आल्या मुली, आणि फ्रँचायझी, ऑक्शन, टीव्ही हे सगळं आधी मुलांच्या वाट्याला. एका मुलीने मला विचारलं, "मॅडम, आपली कधी?" मी काय सांगणार होते तिला.

ब्राझीलचं उदाहरण मला फार महत्त्वाचं वाटतं. त्यांच्याकडेही मोठी लीग नव्हती. त्यांच्या फेडरेशनने ऑस्ट्रियातल्या हायपो क्लबशी करार केला आणि नॅशनल टीमच्या मुलींचा मोठा गटच तिकडे नेऊन ठेवला, वर्षभर एकत्र खेळा, युरोपच्या टीमशी रोज भिडा. नॅशनल टीमचा कोच डॅनिश, मॉर्टन सोबाक. २०१३ ला बेलग्रेडमध्ये, सर्बियाच्या घरच्या प्रेक्षकांसमोर, सर्बियालाच २२-२० ने हरवून त्या वर्ल्ड चॅम्पियन झाल्या. आपल्या मुलींना दहा दिवसांचा कॅम्प लावून इंटरनॅशनलला पाठवायचं आणि मग जपान कोरियाकडून हरल्या की मान हलवायची, याच्यापेक्षा हा मार्ग किती सरळ आहे.

मी तिकडचं सगळं सोन्याचं आहे असं अजिबात म्हणत नाही. नॉर्वेचा व्हायपर्स क्रिस्टियानसान क्लब, २०२१, २२, २३ लागोपाठ तीन वेळा युरोप चॅम्पियन, २०२५ च्या जानेवारीत दिवाळखोर झाला. सीझनच्या मध्यात खेळाडू मोकळ्या. त्यांची गोलकीपर कॅट्रिन लुंडे तेव्हा ४४ वर्षांची होती, काही महिन्यांपूर्वीच पॅरिस ऑलिंपिकचं गोल्ड गळ्यात घालून आलेली, तिलाही नवीन क्लब शोधायला लागला, आणि तिने शोधला, डेन्मार्कला ओडेन्सेकडे गेली. त्याच पॅरिसच्या टीममधली स्टिने ऑफ्टेडाल फायनल झाल्यावर ३२ व्या वर्षी थांबली, स्वतःच्या मर्जीने. एक बत्तिसाव्या वर्षी थांबते, दुसरी ४४ व्या वर्षी गोलमध्ये उभी, आणि दोघींनी ते स्वतः ठरवलं. मला माझ्या पोरींसाठी हेच पाहिजे. कधी थांबायचं ते त्यांनी ठरवावं.

कपड्यांचा विषय निघतोच म्हणून तेही. २०२१ ला बल्गेरियात बीच हॅण्डबॉलच्या युरोपियन स्पर्धेत नॉर्वेच्या मुलींनी बिकिनी बॉटमऐवजी शॉर्ट्स घातल्या म्हणून १५०० युरो दंड झाला, एवढा गदारोळ झाला की त्याच वर्षी नियम बदलायला लागला. आमच्याकडे उलटं, शॉर्ट्स घातल्या म्हणून सोसायटीतले काका घरी येऊन सांगतात. मुलीला उडी मारताना ज्यात मोकळं वाटतं ते ती घालेल, विषय संपला.

पालकांना माझी विनंती आहे, मुलगी स्टेट खेळलेली असेल तर बारावीनंतर लगेच तोडू नका. शिक्षण थांबवा असं मी कधीच म्हणणार नाही, युरोपात पण कितीतरी खेळाडू डिग्री करत करत खेळतात. बी.कॉम.ला टाका, नर्सिंगला टाका, पण संध्याकाळचे दोन तास तिचे राहू द्या. हॅण्डबॉलमध्ये बॅक खेळाडू, सेंटर खेळाडू बावीस तेविसाव्या वर्षी कुठे पिकायला लागते, समोरचा डिफेन्स वाचायला तेवढी वर्षं लागतातच. गोलकीपर तर त्याहून उशिरा. अठराव्या वर्षी आपण जे तोडतो ते अजून कच्चंच असतं. रेल्वेची महिला टीम नॅशनलला एवढी भारी का, कारण नोकरी मिळाल्यामुळे तिथल्या मुली पंचविशीत, तिशीत खेळत राहतात. दुसरं काही गुपित नाही त्यात.

तर आता कामाचं. दिवाळीच्या सुट्टीत आम्ही काही जणी मिळून नाशिकमध्ये मुलींची छोटी लीग घ्यायचा विचार करतोय, १९ वर्षांवरच्या, म्हणजे ज्यांचं शालेय स्पर्धांचं वय संपलंय त्यांच्यासाठीच मुद्दाम. ज्या जुन्या खेळाडू आता घरात आहेत, नोकरीत आहेत, आई झाल्यात, त्यांनी पण या, पंधरा मिनिटं खेळा, बदली खेळाडू कितीही वेळा आत बाहेर करता येते या खेळात. आम्हाला इनडोअर हॉल पाहिजे, लाकडी किंवा सिंथेटिक कोर्टचा, भाडं परवडेल असा. दोन नंबरचे बॉल पाहिजेत, जुने चालतील पण शिवण उसवलेली नको. एखादी फिजिओ ताई आठवड्यातून एकदा गुडघे तपासायला येऊ शकली तर फारच बरं. सातपूर, अंबड, सिन्नरला ज्यांच्या कंपन्या आहेत त्यांनी इनबॉक्समध्ये बोला, हिशोबाचा कागद मी लगेच पाठवते. आणि ज्यांच्या ओळखीत बारावी झालेली, घरी बसलेली हॅण्डबॉलची मुलगी आहे त्यांनी ही पोस्ट तिला टॅग करा, तिच्या वडिलांना पण करा.