दीडपट स्पीडवर बघितला म्हणे

आज सकाळी सिनेमावाल्या ग्रुपवर एका सद्गृहस्थांनी टाकलं, 'अमित दत्तांचा नैनसुख दीडपट स्पीडवर बघितला, तरी संपेना.' खाली हसून लोळणाऱ्या चेहऱ्यांची रांग. तेव्हापासून डोकं फिरलंय.

अहो, दीड तासाचाही सिनेमा नाही! रविवारी मिसळीसाठी तुम्ही याहून जास्त वेळ ताटकळता.

मी तो लॅपटॉपवर लावला तेव्हा आई शेजारी तांदूळ निवडत बसली होती. नैनसुख म्हणजे अठराव्या शतकातला, हिमाचलातल्या गुलेरचा चित्रकार, जम्मूकडच्या जसरोट्याच्या राजा बलवंतसिंहाच्या पदरी असलेला. त्या जसरोट्याच्या पडक्या वाड्यात दत्तांनी त्याचीच चित्रं जिवंत माणसं बसवून पुन्हा उभी केलीत. बोलणं जवळपास नाहीच. मी सवयीने पुढे ढकलायला गेले तर आई म्हणाली, "राहू दे गं, बघतेय मी." ताटातला हात थांबला होता. दहावी शिकलेली माझी आई. आणि हे फिल्म फेस्टिव्हलचे पास गळ्यात मिरवणारे!

बरं, मान्य. डुलकी मलाही लागलेली आहे. दत्तांचाच 'क्रमशः' हा सिनेमा मला आजही धड सांगता येणार नाही. म्हणून काय पळवायचा? तांदूळ दीडपट वेगाने निवडून बघा, खडा दाताखाली येतो की नाही ते कळेल.

आणि हा अमित दत्ता कुठला परका नाही. आपल्याच पुण्यातल्या लॉ कॉलेज रोडवरच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून शिकून गेलेला. मुंबईत दुकान मांडायचं सोडून तिकडे कांगड्यात जाऊन चित्रं बघत बसला. 2010 मध्ये नैनसुख व्हेनिसच्या फिल्म फेस्टिव्हलला दाखवला गेला. पैसा झुरिकच्या रीटबर्ग म्युझियमचा. आपल्याकडे कोण देणार होतं म्हणा.

जाऊ दे. चिडून काय होतंय.

सिनेमा संपल्यावर मी आईला सांगितलं की कला-इतिहासकार बी. एन. गोस्वामींनी या चित्रकारांची घराणी हरिद्वारच्या पंड्यांच्या वह्यांतून शोधून काढली. 1763 मध्ये बलवंतसिंह गेला, त्याच्या अस्थी घेऊन नैनसुख हरिद्वारला गेला, तिथल्या वहीत त्याने स्वतःच्या हाताने नोंद केली आणि सोबत चित्रही काढलं. आई म्हणाली, "त्र्यंबकला आपल्या उपाध्यांच्या वहीत तुझ्या आजोबांची सही आहे. मी बोट फिरवलं होतं तिच्यावरून." हे मला तोवर माहीतच नव्हतं!

मग फोनवर तिला बलवंतसिंहाचं दाढी कोरून घेतानाचं चित्र दाखवलं. बराच वेळ बघत राहिली. "राजा असून कसा घरच्यासारखा बसलाय," एवढंच म्हणाली आणि ताट पुन्हा ओढलं.

ग्रुपवर चार ओळींचं उत्तर लिहिलं होतं, पुसून टाकलं. मघाशी आईचा फोन आला होता, तिचा मोबाइल बदललाय. ते दाढीवालं चित्र परत पाठव म्हणते.