कटलफिश धूमकेतूवरून पडलेला नाही

काल रात्री भाचीचा फोन. "मामा, कटलफिश परग्रहावरून आलाय ना? मी प्रोजेक्टमध्ये लिहिलंय." पाठोपाठ तिने तो मेसेज पाठवला. आठवडाभरात तीन ग्रुपांवर आलेला, मी न वाचता उडवलेला. म्हणे कटलफिश आणि त्याचा भाऊबंद ऑक्टोपस यांना उगाच गोगलगायींच्या पंगतीत बसवलंय. त्यांना तीन हृदयं आहेत, रक्त निळं, पाठीत हाड. डीएनए ते हवा तेव्हा बदलतात. आणि त्यांची गोठलेली अंडी धूमकेतूवरून पृथ्वीवर पडली. शेवटी 'शास्त्रज्ञांनी मान्य केलं' हे शेपूट आहेच.

हृदयं तीनच, कबूल. दोन कल्ल्यांकडे रक्त ढकलतात, एक उरलेल्या शरीराकडे. रक्त निळं दिसतं ते त्यातल्या तांब्यामुळे. आता गंमत बघा, असंच तांब्याचं रक्त बऱ्याच गोगलगायींचंही असतं. म्हणजे हा पुरावा मेसेजवाल्याच्याच अंगावर उलटतो.

हाडाचं मात्र नीट सांगतो, कारण ते 'हाड' आत्ता माझ्या टेबलावर आहे. समुद्रफेन म्हणतात ते हेच. पूर्वी लव्हबर्ड्सच्या पिंजऱ्यात चोच घासायला ठेवायचो. एका अंगाने टणक, दुसऱ्या अंगाने इतकं ठिसूळ की नख ओढलं तर पांढरी भुकटी पडते. तुटलेली कड भिंगाखाली धरली की एकावर एक रचलेले पातळ थर दिसतात, आणि दोन थरांच्या मध्ये बारीक खांब. या कप्प्यांतलं पाणी आणि वायू कमीजास्त करून कटलफिश स्वतःला तरंगत ठेवतो. त्याचा शंखवाला नातलग नॉटिलसही कप्प्यांच्याच जोरावर तरंगतो, फक्त त्याचा शंख अंगाबाहेर. आपली हाडं मुख्यतः कॅल्शियम फॉस्फेटची; हे कॅल्शियम कार्बोनेटचं, शंख-शिंपल्यांसारखं. नावात फेस, मेसेजमध्ये हाड, प्रत्यक्षात आत गेलेलं कवच! त्यात तोंडात गोगलगायीसारखी दातेरी पट्टी, आणि भुजा तयार होतात त्या गोगलगायीचा पाय ज्या भागातून बनतो त्याच भागातून. मृदुकाय, म्हणजे गोगलगाय-शिंपल्यांच्या घराण्यातला, असायला आणखी काय हवं?

डीएनएच्या मुद्द्यात अर्धं खरं आहे, नाइलाजाने मान्य करतो. बदलतो तो डीएनए नव्हे, त्याची उतरवून घेतलेली प्रत, म्हणजे आरएनए. २०१७ साली 'सेल' या नियतकालिकात यावर शोधनिबंध आला. ऑक्टोपस, स्क्विड, कटलफिश या प्रतीत प्रचंड खाडाखोड करतात. नॉटिलस आणि समुद्री गोगलगाय फारच कमी. म्हणजे ही खोड आकाशातून आलेली नाही, याच घराण्याच्या एका शाखेला नंतर लागली. आणि जिथे अशी खाडाखोड चालते तिथला मूळ डीएनए उलट सावकाश बदलतो, असंही त्याच निबंधात आहे. मेसेजवाल्याने तेवढं वाचलेलं दिसत नाही.

राहिली अंडी. असा निबंध खरंच आहे, २०१८ चा, ३३ लेखकांचा. त्यात स्क्विड-ऑक्टोपसची अंडी बर्फाळ गोळ्यांतून काही दशकोटी वर्षांपूर्वी आली असतील, अशी कल्पना मांडली आहे. असं अंडं कुणाला सापडलेलं नाही. उलट कप्प्यांच्या शंखाचे शीर्षपाद (कटलफिश-ऑक्टोपस-नॉटिलस ज्या गटातले तो गट) जवळपास ५० कोटी वर्षांपूर्वीच्या खडकांत सापडतात. पूर्वज इथेच मुक्कामाला असताना वंशज पार्सलने कशाला येतील? आणि आलेल्या पाहुण्याचा डीएनए, त्याची लिपी, कवचाचं रसायन, दातांची पट्टी, सगळं इथल्या गोगलगायींशी जुळावं? २०१५ साली ऑक्टोपसचा जीनोम उलगडणाऱ्या शास्त्रज्ञांपैकी एकाने थट्टेत 'एलियन' म्हटलं होतं. त्या थट्टेलाच फोटो लावून तिचे फॉरवर्ड झाले, एवढंच.

"मग मी आता काय लिहू?" भाची रडकुंडीला आलेली. म्हटलं, पान फाडू नकोस, खाली 'चूक' लिही आणि समोर समुद्रफेनाचा तुकडा चिकटव. उद्या येऊन घेऊन जा. भिंगही ने, पण ते मला परत हवंय.