जामीन मिळाला म्हणजे आमदारकी परत मिळत नाही! (सावनेरचं प्रकरण नीट समजून घ्या)

"साहेबांना जामीन मिळालाय, मग आता आमदारकी परत का देत नाहीत?" सावनेरचे तेव्हाचे काँग्रेस आमदार सुनील केदार यांना 9 जानेवारी 2024 ला हायकोर्टाने जामीन दिला, तेव्हा नागपूर जिल्ह्यात हा प्रश्न तावातावाने विचारला गेला. अजूनही विचारला जातो आणि चांगले शिकलेले लोकही त्यात गल्लत करतात.

22 डिसेंबर 2023 ला नागपूरच्या अतिरिक्त मुख्य न्यायदंडाधिकाऱ्यांनी नागपूर जिल्हा मध्यवर्ती बँकेच्या रोखे (सरकारी बाँड) घोटाळ्यात बँकेचे माजी अध्यक्ष केदारांसह सहा जणांना दोषी ठरवलं, तिघांना सोडलं. शिक्षा 5 वर्षं सश्रम कारावास, दंड साडेबारा लाख. लोकप्रतिनिधित्व कायद्याचं कलम 8(3) सांगतं की 2 वर्षं किंवा त्याहून जास्त शिक्षा झाली की दोषी ठरल्याच्या तारखेपासून माणूस अपात्र. ती अपात्रता शिक्षा भोगून सुटल्यावर आणखी 6 वर्षं चालते. पूर्वी कलम 8(4) मुळे विद्यमान आमदार-खासदारांना अपिलासाठी 3 महिन्यांची पळवाट होती आणि अपील दाखल केलं की खुर्ची शाबूत राहायची. लिली थॉमस खटल्यात 10 जुलै 2013 ला सुप्रीम कोर्टाने ती बंद केली. त्यामुळे विधिमंडळ सचिवालयाने दोन दिवसांच्या आत काढलेल्या अधिसूचनेत सूडबुद्धी शोधण्यात अर्थ नाही. जागा कायद्यानेच गेलेली असते, सचिवालय ती फक्त रिकामी झाल्याचं जाहीर करतं.

आता जामिनाचं. अपिलात दोन वेगळ्या गोष्टी मागता येतात. एक, शिक्षेला स्थगिती. ती मिळाली की माणूस तुरुंगाबाहेर येतो, पण कागदोपत्री दोषीच राहतो. दुसरी, दोषसिद्धीला, म्हणजे दोषी ठरवण्याच्या निर्णयालाच, स्थगिती. ती मिळाली तरच अपात्रता थांबते. राहुल गांधींचं उदाहरण घ्या. 23 मार्च 2023 ला सुरतच्या कोर्टाने 2 वर्षं शिक्षा दिली आणि त्याच दिवशी शिक्षा स्थगित करून जामीनही दिला. तरी दुसऱ्या दिवशी खासदारकी गेली. 4 ऑगस्टला सुप्रीम कोर्टाने दोषसिद्धी स्थगित केली, 7 ऑगस्टला ते पुन्हा लोकसभेत. केदारांना पहिली गोष्ट मिळाली, दुसरी नाही. जुलै 2024 मध्ये हायकोर्टाच्या नागपूर खंडपीठाने ती नाकारली. दोषसिद्धीला स्थगिती अपवाद म्हणूनच देतात. नुसतं "माझं पद जातंय" एवढं कारण पुरत नाही, आणि प्रकरण शेतकऱ्यांच्या बँकेच्या पैशाचं असेल तर आणखीच अवघड. वकील कितीही मोठा करा.

घोटाळा काय होता, तेही बघा, कारण "राजकीय केस" म्हणून तो झटकून टाकायची सवय आहे. सरकारी रोखे घ्यायची सरळ पद्धत अशी: रिझर्व्ह बँकेच्या एसजीएल खात्यात (सरकारी रोख्यांची नोंद ठेवणारं खातं) रोखे जमा होतात आणि त्याच वेळी पैसे जातात. एक हात देतो तेव्हाच दुसरा घेतो. नागपूर बँकेने 2001-02 मध्ये होम ट्रेड आणि आणखी काही दलाल कंपन्यांमार्फत सुमारे 150 कोटींचे रोखे "घेतले". पैसे गेले, प्रत्यक्ष रोखे बँकेच्या हातात आलेच नाहीत. हातात काय, तर व्यवहाराची कागदं. 2002 मध्ये होम ट्रेड बुडाली आणि वर्धा, उस्मानाबाद जिल्हा बँकांचेही पैसे त्याच कंपनीत अडकल्याचं उघड झालं. लेखापरीक्षकाने "रोखे दाखवा" एवढे दोन शब्द वेळेवर उच्चारले असते तर काय झालं असतं, याचा विचार करा. पुढे रिझर्व्ह बँकेने सहकारी बँकांना कागदी रोख्यांचे व्यवहार बंद करायला लावले. घोडा पळाल्यावर तबेल्याला कुलूप.

मला खरा राग कायद्यापेक्षा कॅलेंडरवर आहे. गुन्हा 2002 चा, निकाल 2023 चा. मधल्या काळात केदार 2004, 2009, 2014, 2019 अशा चार निवडणुका जिंकले आणि कॅबिनेट मंत्रीही झाले. निर्दोष असतील तर 21 वर्षं डोक्यावर टांगती तलवार हा त्यांच्यावर अन्याय, आणि दोषी असतील तर मतदारांवर. कलम 8(3) कितीही कडक असो, ते निकालाच्या दिवशीच जागं होतं. शिवाय फौजदारी खटला बँकेचा पैसा परत आणत नाही. त्यासाठी सहकार कायद्याची कलम 88 ची चौकशी असते, आणि जबाबदारी निश्चित करणारी ती चौकशी वर्षानुवर्षं रखडली. त्यावर मोर्चा निघालेला मी तरी ऐकला नाही.

सावनेरकरांचं काय झालं? पोटनिवडणूक नाही. मुदत संपायला एका वर्षाहून कमी वेळ असेल तर ती घेणं बंधनकारक नसतं, आणि विधानसभेची मुदत 26 नोव्हेंबर 2024 पर्यंतच होती. अकोला पश्चिमची 26 एप्रिल 2024 ला ठरलेली पोटनिवडणूक नागपूर खंडपीठाने याच मुद्द्यावर रद्द केली होती. म्हणजे सावनेरला अकरा महिने आमदारच नव्हता. मग नोव्हेंबर 2024 च्या विधानसभा निवडणुकीत केदारांच्या पत्नी अनुजा केदार उभ्या राहिल्या आणि भाजपच्या आशिष देशमुखांकडून हरल्या. याच देशमुखांना 2009 मध्ये केदारांनी हरवलं होतं.

पुढच्या निवडणुकीला कुणाचाही असो, उमेदवाराचा फॉर्म 26 चा शपथपत्राचा पीडीएफ निवडणूक आयोगाच्या साइटवरून उतरवून घ्या. संपत्तीचे आकडे चघळण्याआधी प्रलंबित गुन्ह्यांचा तक्ता उघडा. त्यात गुन्हा क्रमांक, कलमं आणि आरोप निश्चित झाले का, कधी झाले, हे लिहिलेलं असतं. गुन्हा जुना आणि आरोप निश्चितीचा रकाना अजून "नाही" असेल, तर प्रचाराला दारात आलेल्या माणसाला तेवढंच विचारा.