‘संकलक म्हणजे कात्री आणि डिंक’ म्हणणाऱ्यांना

एक मजकूर सध्या खूप फिरतोय. म्हणणं असं: १९५०-६० च्या दशकांत चित्रपटाचा संकलक (एडिटर) हा निव्वळ कारागीर होता, दिग्दर्शक बोट ठेवेल तिथे कापायचा, संकलनाला कलेचा दर्जा आला तो संगणकामुळे, आणि त्या खोलीत शिरलेला माणूस तिथेच निवृत्त व्हायचा.

शेवटचा दावा आधी घेऊ, तो सगळ्यात कच्चा आहे. हृषीकेश मुखर्जी कलकत्त्याच्या न्यू थिएटर्समध्ये संकलन शिकले आणि बिमल रॉय यांच्यासोबत मुंबईला आले. ‘दो बिघा जमीन’चं (१९५३) संकलन त्यांचं आणि पटकथाही त्यांचीच. आता सांगा, निव्वळ कारागिराच्या हाती कोणी पटकथा देतं का? १९५७ मध्ये ‘मुसाफिर’ करून ते दिग्दर्शक झाले, तरी संकलनाचं टेबल सुटलं नाही. ‘मधुमती’ (१९५८) त्यानंतरचा, आणि त्याच्या संकलनासाठी त्यांना फिल्मफेअर मिळालं. ‘चेम्मीन’ (१९६५) तर मल्याळम, त्याच्याही संकलनात ते होते! तिकडे परदेशात ‘सिटिझन केन’चे संकलक रॉबर्ट वाइज, तसंच ब्रिटिश संकलक डेव्हिड लीन हेही याच वाटेने दिग्दर्शक झाले.

‘बोट ठेवेल तिथे कापायचा’ म्हणाल, तर याच लीन यांचा ‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’ (१९६२) पाहा. जळत्या काडीवरून वाळवंटातल्या सूर्योदयावर जाताना पटकथेत डिझॉल्व्ह होता, म्हणजे एक दृश्य विरत जाऊन त्यातूनच दुसरं उमटणं. पण डिझॉल्व्ह लॅबमध्ये तयार होऊन यायचा. तोवर कामाच्या प्रिंटवर, म्हणजे संकलनासाठी कापायच्या प्रतीवर, नुसती खूण असायची. त्यामुळे पाहताना दोन शॉट थेट एकमेकांना भिडले आणि तेच भावलं. कट अजून चोख कर, एवढंच लीन यांनी सांगितलं. चित्रपटाच्या संकलक अ‍ॅन कोट्स यांनी दोन फ्रेम (फिल्मवरची सुटी चित्रं) कमी केल्या. सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे सेकंदाचा बारावा हिस्सा. तो कुठून काढायचा हे त्यांनी ठरवलं. लीन स्वतः मुरलेले संकलक असूनही!

राहिला संगणक. त्याने कष्ट वाचवले, यात वाद नाही. ३५ मिमीची फिल्म मिनिटाला ९० फूट पळते आणि सिमेंटने (फिल्म चिकटवायच्या द्रवाने) दिलेला जोड बदलायचा तर फ्रेम वाया जायची. म्हणून कापण्याआधी विचार जास्त व्हायचा, कमी नव्हे. आणि ऑस्करमध्ये संकलनाचा स्वतंत्र पुरस्कार १९३४ सालच्या चित्रपटांपासून दिला जातोय. तेव्हा संकलनाच्या खोलीत कुठला संगणक होता?