कोळशाची निळाई आणि एक फिरता मजकूर

जुन्या वस्तूंच्या शौकिनांमध्ये सध्या एक मजकूर फिरतोय. सोबत एका जुन्या कोल्ट रिव्हॉल्वरचं झळझळीत निळं छायाचित्र. मजकुराचा गाभा असा: पूर्वी सगळ्या बंदुका कोळशाच्या भट्टीत निळ्या केल्या जात. कोळशातला कार्बन पोलादात मुरतो, म्हणून रंग येतो, धातू कठीण होतो आणि कधीच गंजत नाही. आजची रासायनिक निळाई ही त्याची स्वस्त नक्कल. ही विद्या आता लुप्त झाली आहे, पण आजोबांची बंदूक घरी असेल तर गॅसवर तापवून ती निळाई परत आणता येते आणि वस्तूची किंमत वाढते.

मला तो पाच जणांनी पाठवला. त्यातल्या एकाच्या घरी पणजोबांची दुनळी खरोखरच आहे, आणि त्याने विचारलं, "करून बघू का?" त्याच्यासाठी, आणि त्याच्यासारख्या इतरांसाठी, हे लिहितोय.

सुरुवात कार्बनपासून करतो, कारण बाकीच्या चुका तिथूनच निघाल्या आहेत. बुलेट मोटारसायकलचा इंजिनाजवळचा पाईप काही दिवसांत पिवळसर, मग जांभळा, मग निळा पडतो हे आपण सगळ्यांनी पाहिलंय. त्याला कोणी कोळसा लावलेला नसतो. धातू हवेत तापला की पृष्ठभागावर ऑक्साईडचा अतिशय पातळ, पारदर्शक थर धरतो. त्याच्या वरच्या आणि खालच्या बाजूंवरून परतणारा प्रकाश एकमेकांत मिसळतो आणि काही रंग एकमेकांना मारतात. पावसात रस्त्यावर सांडलेल्या पेट्रोलवर जे इंद्रधनुष्य दिसतं, तेच हे. थराची जाडी वाढत जाते तसा रंग सरकतो. साध्या पोलादाला साधारण २२० अंश सेल्सिअसला फिकट गवती रंग येतो, २६० च्या आसपास तपकिरी, २८० ला जांभळा, ३०० च्या जवळपास गडद निळा. अजून तापवलं की निळा फिका पडतो आणि राखाडी उरतो. यात रंगद्रव्य नाही आणि कार्बनही नाही.

मग कोळसा कशासाठी? उष्णता सगळीकडे सारखी पोचावी आणि हवा बेताची लागावी, यासाठी. कोळशाच्या भट्टीतलं काम साधारण ३५० ते ४३० अंशांत चालतं. पहिला निळा ३०० ला येतो आणि निघून जातो. भट्टीवरचा कारागीर त्याच्या पुढच्या, जास्त दाट थराची वाट बघत असतो. मधूनमधून तुकडा बाहेर काढायचा, तेल आणि चुन्याची पूड लावलेल्या तागाच्या बोळ्याने घासायचा, परत कोळशात घालायचा, आणि रंग मनासारखा बसेपर्यंत हे चालू ठेवायचं. बोटाचा तेलकट ठसा राहिला तर तिथे डाग पडतो. पोलादात कार्बन मुरवायचा असेल तर ते लालभडक, ९०० अंशांच्या आसपास, आणि तासन् तास ठेवावं लागतं. ४०० अंशांना कार्बन आत शिरत नाही.

हा गोंधळ कुठून आला असावा, तेही सांगतो. हाडाचा आणि लाकडाचा कोळसा पेटीत दाबून भरून, त्यात भाग ठेवून, लाल होईपर्यंत तापवून पाण्यात ओतायची एक वेगळी प्रक्रिया आहे. तिच्यात कार्बन खरोखर शिरतो, वरचा थर कठीण होतो आणि पृष्ठभागावर निळ्या, तपकिरी, राखाडी रंगांचे ढगासारखे पट्टे उमटतात. १८७३ च्या कोल्ट सिंगल ॲक्शन आर्मीच्या सांगाड्यावर दिसतात ते हेच. नळी आणि फिरता सिलिंडर मात्र निळे. एकाच रिव्हॉल्वरवर दोन्ही शेजारीशेजारी, दोन्हींत कोळसा. त्यामुळे एकाचे गुण दुसऱ्याला चिकटवले गेले.

त्यातूनच पुढचा दावा येतो: निळाईने पोलाद कठीण होतं. घडतं त्याच्या उलट. गावच्या लोहाराला विचारा. विळ्याला पाणी देताना तो लाल पातं बुडवतो, मग परत थोडं तापवून पात्यावर सरकणारे रंग बघत पाणी उतरवतो. गवती रंगाला थांबला तर धार कडक राहते, निळ्यापर्यंत गेला तर पातं लवचीक होतं. निळा रंग दिसतो म्हणजे कठीणपणा बराच उतरला आहे. स्प्रिंगला तो हवा असतो. पण कठीण केलेला चाप, घोड्याची खाच, झिजू नये म्हणून पाणी दिलेले छोटे भाग ४०० अंशांच्या भट्टीत घातले की त्यांचं पाणी जातं. चापाची धार मऊ पडून झिजली तर घोडा नको तेव्हा सुटू शकतो. घरी करून बघण्याच्या सल्ल्यातला खरा धोका हा आहे, आणि त्याबद्दल मजकुरात अवाक्षर नाही.

"सगळ्या बंदुका कोळशाने" हेही तितकंच चूक. अमेरिकेत स्मिथ अँड वेसन आणि विसाव्या शतकाच्या सुरुवातीच्या दशकांत कोल्ट यांच्याकडे कार्बोनिया नावाचं तेल आणि जाळलेल्या हाडांचा चुरा घालून फिरत्या गॅसभट्टीत हे काम होत असे. ते कोळशाच्या निळाईच्या कुटुंबातलंच. पण विंचेस्टर रायफलच्या काडतूस भरायच्या झडपेची मोरपंखी निळाई वितळलेल्या सोऱ्यातली आहे: पोटॅशियम आणि सोडियम नायट्रेटचं मिश्रण ३०० अंशांच्या आसपास वितळवून त्यात भाग बुडवायचा. कोल्टच्या स्क्रूंवरचा रंगही याच जातीचा. जर्मन ल्युगर पिस्तुलाची नळी आणि सांगाडा गंज घडवून काळा-निळा केलेला, आणि चाप, सेफ्टी, काडतूसपेटीची कळ हे छोटे भाग मुद्दाम गवती रंगावर थांबवलेले. १९३७ मध्ये ल्युगर बनवणाऱ्या माउझर कारखान्याने क्षारांच्या गरम टाकीची पद्धत घेतली आणि ते पिवळे तुकडे गेले. ल्युगरचे संग्राहक पहिल्यांदा चापाकडे बघतात ते याच कारणाने.

आपल्याकडच्या घरांत जी दुनळी आढळते तिची गोष्ट तर अगदीच वेगळी. लंडन-बर्मिंगहॅमच्या दुनळ्यांच्या नळ्या कोळशात जातच नसत. दोन नळ्या आणि त्यांच्यामधली पट्टी कथील-शिशाच्या झाळणाने जोडलेली असते, आणि असं झाळण १८३ अंशांपासून वितळायला लागतं. ४०० अंशांना नळ्या सुट्या होऊन हातात येतील. म्हणून तिथे गंजवून रंग चढवत. नळ्या पूर्ण तेलमुक्त करायच्या, आम्लयुक्त द्रावणाचा हात फिरवायचा, दमट कपाटात ठेवायच्या. बारीक तांबूस गंज धरला की पाण्यात उकळायच्या. उकळताना तांबडा गंज मॅग्नेटाइटमध्ये, म्हणजे लोखंडाच्या काळ्या ऑक्साईडमध्ये, बदलतो. मग बारीक तारेच्या ब्रशने मोकळा थर झाडायचा आणि पुन्हा तेच. असे फेरे दिवसेंदिवस चालतात, एकेक फेरा एक पातळ थर देतो, आणि शेवटी जी मखमली काळीनिळी झाक येते ती मला तरी आरशासारख्या कोल्टपेक्षा जास्त आवडते. या सगळ्यात तापमान १०० च्या वर कधीच जात नाही.

आता रासायनिक निळाईला "नक्कल" म्हणण्याबद्दल. आजची गरम टाकी म्हणजे कॉस्टिक सोडा आणि नायट्रेट यांचं १४० अंशांच्या आसपास उकळणारं द्रावण. त्यातून पोलादावर बसतो तो थरही मुख्यतः मॅग्नेटाइटचाच, म्हणजे उकळलेल्या गंजातून मिळतो तोच. जुनं काम डोळ्यात भरतं ते रंगाखालच्या पॉलिशमुळे. कडा गोल न करता, कोरलेली अक्षरं बुजू न देता, स्क्रूच्या भोकांच्या काठी खळगे पडू न देता हाताने केलेलं पॉलिश. निळा थर इतका पातळ असतो की खालचा प्रत्येक ओरखडा त्यातून दिसतो. वाईट पॉलिशवर उत्तम भट्टी लावली तरी काम वाईटच दिसणार. ज्यांनी आठवडा आठवडा पॉलिशच्या चाकापाशी काढला त्यांच्या कष्टाचं श्रेय कोळशाला देणं मला मनापासून खटकतं.

टाकीची एक मर्यादा मात्र खरी आहे, आणि ती मी जवळून पाहिली आहे. कोकणात माझ्या मामांकडे शेतसंरक्षण परवान्याची दुनळी होती. शहरातल्या एका दुकानदाराने ती "नवी करून देतो" म्हणून नळ्या क्षारांच्या टाकीत घातल्या. परत आली तेव्हा काळीभोर, सुंदर. पुढच्या पावसाळ्यात मधल्या पट्टीच्या कडेने तांबडं पाणी झिरपायला लागलं. गरम कॉस्टिक कथील-शिशाचं झाळण खातो, आणि फटीतून पट्टीखाली गेलेला क्षार धुऊन निघत नाही. वर्षाच्या आत पट्टी उचलली. मामांनी ती बंदूक परत कधी खांद्याला लावली नाही. दोष रसायनाचा नव्हता, ते चुकीच्या वस्तूवर वापरलं गेलं. आणि ज्यांना वाटतं की तिथे कोळसा बरा पडला असता, त्यांनी वरचा १८३ चा आकडा पुन्हा वाचावा.

"कधीच गंजत नाही" यावर फार बोलायची गरज नाही. कोणतीही निळाई तेलाशिवाय गंजते, आणि नुसत्या उष्णतेने आलेली निळाई सगळ्यांत नाजूक. शंभर वर्षांच्या कोल्टवर नळीच्या टोकाशी आणि सिलिंडरच्या कडांना म्यानाच्या घर्षणाने पांढरं पोलाद उघडं पडलेलं असतं आणि बाकी अंग तपकिरी-राखाडी झालेलं असतं. छायाचित्रातला झळझळीत निळा बहुधा हल्लीचं काम असतो.

म्हणजे विद्या लुप्तही नाही. न्यूयॉर्क राज्यातल्या टर्नबुल रिस्टोरेशनमध्ये कोळशाची निळाई आणि हाडाच्या कोळशातले रंगीत पट्टे ही दोन्ही कामं होतात. इटलीतल्या उबेर्ती कंपनीने जुन्या कोल्टच्या प्रतिकृती कोळशाच्या निळाईत विकल्या आहेत. उदयपूरचे कोफ्तगिरी करणारे कारागीर पोलादावर सोन्याची तार ठोकून बसवतात आणि मग ते तापवून निळं करतात, म्हणजे सोनं उठून दिसतं. आणि हाताने काम करणारा जुना घड्याळजी पितळेच्या किसावर स्क्रू ठेवून खालून स्पिरिटचा दिवा धरतो, जांभळ्यातून निळ्यात सरकलेला क्षण पकडतो आणि चिमट्याने उचलतो. पाच-दहा अंशांचा फरक पडला की रंग चुकतो, म्हणून तो किसाची गादी करतो. तांदळाच्या दाण्याएवढ्या स्क्रूला इतकी काळजी लागते, तर हातभर नळीला शेगडीच्या ज्वाळेवर सारखा रंग येईल ही आशा सोडा. येतील ते पट्टे.

राहिली किंमत. जुन्या शस्त्राच्या बाजारात आणि संग्रहालयात मूळ थर किती टक्के शिल्लक आहे हे आधी विचारतात. झिजलेला पण मूळ थर हा पुरावा असतो: वस्तू कुठे घासली, कोणी कशी वापरली, कोणत्या कारखान्याने कोणती पद्धत वापरली. युरोपातली कितीतरी चिलखतं एके काळी निळी होती. नंतरच्या पिढ्यांनी ती घासूनपुसून चकचकीत पांढरी केली, आणि आज मूळ निळा रंग कुठे सापडतो तर पत्र्यांच्या एकमेकांवर चढलेल्या पट्टीखाली, जिथे घासणाऱ्याचा हात पोचला नाही. नव्याने रंग द्यायचा तर आधी जुना पूर्ण घासावा लागतो. एकदा घासलं की परत फिरता येत नाही. अगदीच उजाड झालेल्या, कागदोपत्री महत्त्व नसलेल्या वस्तूचं काम जाणकाराने करावं, त्याला माझा विरोध नाही. पण आपल्याकडे बंदुकीची दुरुस्ती हाही परवान्याचा विषय आहे, १९५९ च्या शस्त्र अधिनियमाच्या पाचव्या कलमात तसं स्पष्ट आहे. घरच्या शेगडीवर हा उद्योग कायद्यातही बसत नाही.

ज्याने विचारलं होतं त्याच्याकडे मी गेल्या रविवारी जाऊन आलो. बंदूक चामड्याच्या पेटीत होती. चामडं दमट हवेतलं पाणी धरून ठेवतं, म्हणून ती आधी बाहेर काढून कोरड्या कपाटात उभी करायला सांगितली, आणि मऊ फडक्याने तेलाचा अगदी पातळ हात. बाकी काही नाही. नळ्या वरून तपकिरी झाल्या आहेत. पण पुढचं लाकूड उतरवलं तेव्हा त्याच्याखाली, जिथे ऊन, घाम आणि हात कधी पोचलेच नव्हते, तिथे बोटभर रुंदीत ती मखमली काळीनिळी झाक जशीच्या तशी होती. त्याने खिडकीपाशी नेऊन ती बराच वेळ पाहिली आणि लाकूड परत बसवलं.