पन्हा, घेर आणि सहा फुटी सरदार

हौशी नाट्यमंडळात ज्याला अभिनयही येत नाही आणि नकारही देता येत नाही, त्याच्याकडे वेशभूषा सोपवण्याची प्रथा आहे. राज्य नाट्य स्पर्धेसाठी आमच्या नाटकात एका मृत सरदाराचे भूत होते आणि त्या भुताला खांद्यापासून टाचेपर्यंत लोळणारा, बिनबाह्यांचा, डोके झाकणारी टोपी असलेला काळा झगा हवा, असे दिग्दर्शकाचे म्हणणे पडले. भुताचे काम करणारा नट सहा फूट उंच होता. खजिनदाराने एवढेच विचारले, "कापड किती लागेल?"

नाशिक जिल्ह्यात येवल्याला पैठणीचे हातमाग आहेत आणि मालेगावला यंत्रमाग आहेत; त्यामुळे असेल कदाचित, पण कापडाच्या अंदाजाबद्दल येथे कोणीही "मला माहीत नाही" असे म्हणत नाही. पंचवटीतल्या आत्याने विणकाम खाली न ठेवता सांगितले, "दहा वार घे." मेन रोडवरच्या दुकानदाराने नटाची उंची ऐकून "सहा मीटर" असा निकाल दिला. देशात मेट्रिक मापांचा कायदा 1956 साली झाला. तरीही आत्या वारात बोलते, दुकानदार मीटरमध्ये मोजतो आणि दोघेही पन्हा, म्हणजे कापडाची रुंदी, मात्र इंचांत सांगतात. वार 36 इंचांचा आणि मीटर 39 इंचांहून थोडा मोठा, तेव्हा आत्याचे दहा वार म्हणजे सव्वानऊ मीटरला थोडे कमी. एका भुतासाठी तीन मीटरचा मतभेद मला अवाजवी वाटला आणि मी कागद-पेन्सिल घेऊन बसलो.

पूर्ण घेराचा झगा म्हणजे मध्ये गळ्याचे भोक असलेले वर्तुळ. गळ्याचा घेर 40 सेंटिमीटर, म्हणून भोकाची त्रिज्या सुमारे 6.4, झग्याची लांबी 140, एकूण त्रिज्या 146.4 आणि व्यास जवळजवळ 293 सेंटिमीटर. आता 58 इंची पन्हा म्हणजे 147 सेंटिमीटर. अर्धवर्तुळाचे दोन तुकडे जोडायचे, तर दोन वेळा 293, म्हणजे 5.86 मीटर. दुकानदार बरोबर होता, फक्त काठ, शिलाई आणि खालची दुमड या तिघांसाठी मिळून त्याने पन्ह्यात जेमतेम एक सेंटिमीटर ठेवला होता. मात्र तेच कापड 44 इंची पन्ह्यात घेतले, तर तीन पट्ट्या जोडाव्या लागतात, कडेच्या पट्ट्या थोड्या आखूड धरल्या तरी सव्वाआठ मीटरच्या वर जाते आणि दुमड व टोपी धरून नऊ मीटर होतात. म्हणजे वर्तुळाच्या गणितातल्या 'पाय'चे (π) नावही न घेता आत्यादेखील बरोबरच होती. नऊवारी लुगडे सव्वाआठ मीटरचे असते. सरदार त्याहून महाग पडणार, हे ऐकून खजिनदाराने भुताला नाटकातूनच काढण्याची सूचना मांडली. (ती एका मताने फेटाळली गेली, मत दिग्दर्शकाचे होते.)

मखमलीचा मोह मी आधीच सोडला होता. गोल कापलेल्या झग्यात मखमलीची लव एका बाजूला वर जाते, दुसऱ्या बाजूला खाली, आणि रंगमंचावरच्या दिव्यांत एकाच काळ्या रंगाचे दोन काळे होतात. साधे जाड टेरिकॉट ठरले.

शेवटी दहीपुलाजवळच्या शिंपी मास्तरांकडे गेलो. त्यांनी माझा कागद आदराने उलटा ठेवला आणि विचारले, "भूत चालतं का उभं राहतं?" उभे राहते, असे मी सांगितले. "गिरकी?" नाही. "मग पूर्ण घेर कशाला हवाय, साहेब? अर्धा पुरे. अन् झगा दहा सेंटिमीटर आखूड करा, टाचेखाली येऊन भूत पडलं तर लोक हसतील." अर्ध्या घेरात गळ्याची त्रिज्या दुप्पट होते, सुमारे 12.7, त्यात 130 मिळवले, शिलाई आणि दुमड धरली, तरी सगळे 58 इंची पन्ह्यात बसत होते. लांबी तीन मीटरच्या आत. मी टोपीसाठी आणखी पाऊण मीटर धरू लागलो, तेव्हा मास्तरांनी खडूने टेबलावर अर्धवर्तुळ काढून त्याच्या दोन्ही कोपऱ्यांवर बोट ठेवले. चौकोनातून गोल कापला की पाचव्या हिश्श्याहून अधिक कापड कोपऱ्यांत उरते. येथे प्रत्येक कोपऱ्यात सुमारे 42 सेंटिमीटरचा चौरस निघत होता आणि टोपीची एकेक बाजू त्यात आरामात मावत होती.

तीन मीटर कापड घेऊन मी तालमीला पोहोचलो. खजिनदाराने पावती दोनदा वाचली आणि मला चहा पाजला, जे त्याच्या कारकिर्दीत दुर्मीळ आहे. दिग्दर्शकाने कापड हातात घेऊन दिव्यासमोर धरले आणि म्हणाला, "छान आहे. आतून लाल अस्तर लावू."

दुकानातल्या सुती अस्तराचा पन्हा 36 इंच आहे. आत्याला फोन लावला आहे.