‘खादाडाचं कसलं कौतुक?’ या कमेंटला उत्तर

नमस्कार काका (वडिलांच्या वयाचा आहे असं तुम्हीच लिहिलंय म्हणून काका म्हणतोय), भराभर खायच्या स्पर्धा गाजवणाऱ्या जपानच्या ताकेरू कोबायाशीवरच्या पोस्टखाली तुम्ही मला चांगलंच झाडलंत. अन्न म्हणजे पूर्णब्रह्म, त्याची विटंबना करणाऱ्या आणि वर अटक झालेल्या खादाडाला मी हिरो केलं, आमच्या गावच्या पंगतीत पैजेवर जिलब्या हाणणारे होते त्यांनी कधी याला करिअर म्हटलं नाही, वगैरे.

नासाडीचं मान्य. तो मुद्दा मी सरळ टाळला, चुकलंच. 2002 मध्ये जपानमध्ये एक शाळकरी मुलगा टीव्हीवरचं बघून भराभर खायला गेला आणि घास अडकून दगावला, मग तिथले असले शो काही काळ बंद पडले, हेही यायला हवं होतं.

पण खादाड? नाही हो पटत. 4 जुलै 2001, न्यूयॉर्कचं कोनी आयलंड, नेथन्स या हॉट डॉगवाल्या कंपनीची हॉट डॉग (ब्रेडमधलं सॉसेज) खायची स्पर्धा, वेळ 12 मिनिटं, आधीचा रेकॉर्ड 25 च्या किंचित वर, आणि नागानोचा हा 23 वर्षांचा काटकुळा पोरगा 50 खातो! आकडे दाखवायच्या छापील पाट्या संपल्या, शेवटी हाताने लिहून धराव्या लागल्या. बाकीचे आपण खातो तसेच खात होते, फक्त घाईघाईत. यानं सॉसेज ब्रेडमधून काढलं, मधोमध मोडलं, दोन्ही तुकडे एकदम तोंडात, ब्रेड पाण्यात बुडवून पिळून गिळला, आणि खाल्लेलं खाली सरकावं म्हणून मधेमधे अंग हलवत राहिला. मी घरी एक पाव तसा बुडवून खाऊन बघितला, दुसऱ्याच घासाला मळमळलं, बायको अजून हसतेय. जिलबी कशी मोडली की लवकर उतरते याचा अभ्यास तुमच्या पैजेवाल्यांपैकी कुणी केला होता का?

2001 ते 2006 सलग सहा वेळा जिंकला. 2007 ला जबडा दुखत असताना 63 खाल्ले, पण अमेरिकेच्या जोई चेस्टनटने 66 खाल्ले. 2008 ला 59-59 बरोबरी, मग आणखी पाच हॉट डॉग आधी कोण संपवतो या जादा फेरीत हुकला. आणि अटकेचं म्हणाल तर 2010 ला ही स्पर्धा चालवणाऱ्या लीगचा करार त्याला जाचक वाटला, सही केली नाही, त्यामुळे खेळू दिलं नाही. नुसता बघायला आला होता, स्पर्धा संपल्यावर स्टेजवर चढला म्हणून पोलिसांनी धरलं. नंतर ती केस निकालात निघाली. आता यात कसला गुन्हेगार?

खरं तर तुम्ही मला वेगळ्याच ठिकाणी पकडायला हवं होतं. 2024 च्या एका माहितीपटात तो स्वतः म्हणाला की आता त्याला भूकच लागत नाही, थांबायचंय. आणि त्याच सप्टेंबरात परत चेस्टनटसमोर लास व्हेगासला उभा, 66 खाल्ले आणि हरला, चेस्टनटचे 83. यावर विचारलं असतंत तर माझ्याकडे उत्तर नव्हतं.

बाकी ती जिलबीची पैज नीट लिहा ना एकदा, कुठलं गाव आणि किती खाल्ल्या?